आमचा हप्ता वाढला नाही

प्रफुल्लच्या कंपनीला दर फेब्रुवारीत एक कागद लागतो. घराच्या कर्जावर वर्षभरात किती व्याज भरलं, याचा बँकेचा दाखला. तो दिला की पगारातून कर कमी कापतात. यात गुंतागुंतीचं काहीही नाही. हे मी सुरुवातीलाच सांगून टाकते, कारण पुढे जे झालं त्यावरून आमच्या विंगमध्ये असं बोललं जातं की, निकिता आधीपासूनच बँकेशी भांडायच्या तयारीत होती. मी भांडायला गेले नव्हते. मी दाखला आणायला गेले होते. माझ्याबरोबर चार वर्षांची सृष्टी, तिची पाण्याची बाटली आणि तिचा स्वेटर होता. भांडायला निघालेली बाई स्वेटर नेत नाही.

खरं तर हा दाखला मोबाइलवरही मिळतो. पण त्यासाठी येणारा ओटीपी प्रफुल्लच्या फोनवर जातो, आणि प्रफुल्लचा फोन अंबडच्या कंपनीत दिवसभर लॉकरमध्ये असतो. म्हणजे ओटीपी लॉकरमध्ये येतो, दहा मिनिटं तिथे वाट बघतो आणि मरतो. असे चार-पाच ओटीपी वाया गेल्यावर मी स्वतःच पाथर्डी फाट्याच्या शाखेत गेले.

"होम लोनचं आमच्याकडे काही नाही," खिडकीतले गृहस्थ म्हणाले. "ते शरणपूर रोडला."

"पण हप्ता तर तुमच्याच शाखेतून कापला जातो."

"कापतो आम्ही," ते शांतपणे म्हणाले. "पोचतो तिकडे."

रिक्षानं शरणपूर रोडला गेले. रिक्षात मी सृष्टीला नेहमी मधे बसवते आणि एक हात तिच्या पोटावर आडवा ठेवते. याला प्रफुल्ल 'मानवी सीटबेल्ट' म्हणतो. आम्ही पोचलो तेव्हा कर्ज विभागात नुकतंच चहाचं वाटप चालू होतं, त्यामुळे थोडं बसावं लागलं. मग तेजल नावाच्या मुलीनं आम्हाला बोलावलं. ती माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी लहान असेल. गळ्यात बँकेचा पट्टा, टेबलावर गणपती. तिनं दोन मिनिटांत दाखला छापून दिला. मी घडी करून पर्समध्ये टाकला. वाचला नाही. व्याजाचा दाखला कोण वाचतं? मी उठणार, एवढ्यात ती गोड हसून म्हणाली, "मॅडम, सरांचा कर्जाचा विमा एकेचाळीसला संपतोय."

"बरोबर आहे. कर्ज पण एकेचाळीसलाच संपतं."

तिनं पडद्याकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग सृष्टीकडे. रिपोर्ट वाचताना डॉक्टर जसे बघतात तसं. ही नजर मी लांबून ओळखते. सृष्टीच्या बाबतीत मी आजवर तेरा प्रकारचे आजार ओळखलेले आहेत, त्यांतला एकही तिला नव्हता, हा भाग वेगळा.

"नाही मॅडम," तेजल म्हणाली. "कर्ज चोपन्नला संपतं. दोन हजार चोपन्न. म्हणजे मधली तेरा वर्षं विमाच नाही तुमच्या कर्जाला. त्यासाठी आमची एक छान पॉलिसी आहे..."

"अहो, वीस वर्षांचं कर्ज आहे. एकवीस साली घेतलं. एकवीस आणि वीस..." मी थांबले. बी.कॉम. झालेल्या बाईनं बँकेत बसून बोटांवर मोजू नये.

"मधे दर वाढले ना, बावीस-तेवीसला."

"दर वाढले, पण आमचा हप्ता वाढला नाही," मी ठामपणे सांगितलं.

"हो ना मॅडम," ती अगदी मायेनं म्हणाली. "म्हणूनच."

आता हे 'आमचा हप्ता वाढला नाही' वाक्य आमच्या घरात काय मानाचं होतं ते सांगायला हवं. दर वाढायला लागले तेव्हा टीव्हीवर रोज तेच चालायचं. आमच्या सासूबाई, विठाबाई, तेव्हा एसटीत बसून वणीला गेल्या आणि सप्तशृंगीला नवस बोलून आल्या: जगाचं काय व्हायचं ते होऊ दे, आमचा हप्ता एका रुपयानं वाढू देऊ नको, तुला साडी-चोळी करीन. घराचं डाउन पेमेंट आईंचे चांदवडचे गुंठे विकून झालेलं आहे आणि घरावर प्रफुल्लबरोबर त्यांचंही नाव आहे, त्यामुळे नवस बोलायचा त्यांना पूर्ण अधिकार होता. आणि खरोखर, वर्षभर दर वाढत राहिले, आमचा हप्ता जागचा हलला नाही. साडेएकवीस हजार म्हणजे साडेएकवीस हजार. आईंनी गडावर जाऊन साडी-चोळी केली, घरी पुरणपोळी केली, विंगमध्ये सगळ्यांना जेवायला बोलावलं. मग इतर बायकाही आईंच्या हाती आपापले नवस पाठवायला लागल्या. आमच्या समोरच्या पूजानंही पाठवला होता. तिचा हप्ता मात्र पुढच्याच महिन्यात चार हजारांनी वाढला. यावर विंगचं मत असं पडलं की पूजानं मंगळवारचा उपास नीट केला नसणार. मी स्वतः तिला तेव्हा धीर दिला होता. वाटीभर मटकीची उसळही दिली होती. दोन वर्षं मी त्या बिचारीकडे कणवेनं पाहत आले होते.

रिक्षात परत येताना मी पर्समधला दाखला काढून वाचला. साडेएकवीस हजारांच्या हप्त्यातले वीस हजार व्याजालाच जात होते. चार वर्षांत आम्ही सव्वादहा लाख भरले होते आणि अठ्ठावीस लाखांचं कर्ज पावणेदोन लाखांनी कमी झालं होतं. मी सृष्टीच्या पोटावरचा हात काढून कपाळाला लावला. ताबडतोब परत ठेवला.

संध्याकाळी प्रफुल्ल आला. आईंसमोर मी त्याला 'अहो' म्हणते, एरवी प्रफुल्ल. त्याला मी स्वयंपाकघरात बोलावलं आणि 'प्रफुल्ल' म्हणाले, त्यावरून त्यानं ओळखलं की काहीतरी झालं आहे.

"चोपन्नला तू किती वर्षांचा असशील?"

"चोपन्न साली?" तो क्वालिटी विभागात असल्यामुळे आकड्यांना घाबरत नाही. "सदुसष्ट. का?"

"आणि रिटायर कधी होणार?"

"अठ्ठावन्नाव्या वर्षी. निकिता, काय झालंय?"

मी सांगितलं. त्यानं पाणी पिऊन घेतलं. मग आठवल्यासारखं म्हणाला, "हां, तेव्हा मेसेज आला होता बँकेचा. इंग्रजीत. मुदत बदलली आहे, हप्ता वाढवायचा असल्यास संपर्क साधा."

"मग?"

"मग काय? मला वाटलं, हप्ता वाढवायचा असल्यास म्हणताहेत. आपल्याला कुठे वाढवायचा होता?"

यात त्याचं काही चुकलं असं मला शपथेवर म्हणता येणार नाही. मी त्याच्या जागी असते तर मीही तेच केलं असतं, फक्त शेजारच्या दोघींना विचारून केलं असतं.

नंतर मी मोबाइलवर कर्जाचं गणित करून देणारं पान उघडलं आणि हिशोब केला. असाच हप्ता भरत राहिलो तर अठ्ठावीस लाखांच्या कर्जापोटी आमचे पंच्याऐंशी लाख जाणार होते. मी आकडे पुसून परत टाकले. पंच्याऐंशीच आले. चक्रवाढ व्याज मला कॉलेजात शिकवलेलं आहे. परीक्षेत ते गणित मी बरोबर सोडवलं होतं. तेव्हा त्या गणितातला माणूस 'अ' होता, त्यामुळे त्याचं मला काही वाटलं नव्हतं. आणि चोपन्न साली सृष्टी तेहेतीस वर्षांची असेल. म्हणजे बरोबर माझ्या आत्ताच्या वयाची. तिच्या बापानं सदुसष्टाव्या वर्षी हप्त्यासाठी तिच्या तोंडाकडे बघायचं, हे चित्र एकदा डोळ्यांसमोर आलं ते जाईना. मी ठरवलं की काहीही करून हे कर्ज प्रफुल्ल नोकरीत असेपर्यंत संपवायचं. फक्त आईंना इतक्यात कळू द्यायचं नाही.

घरात गुपित ठेवायचं असेल तर सल्ला बाहेरून घ्यावा लागतो. वरच्या मजल्यावर मल्हारी अण्णा राहतात. मनमाडला रेल्वेतून रिटायर झाले आणि फंडाच्या पैशांतून रोख फ्लॅट घेतला. कर्ज या विषयावर ते फार मोकळेपणानं बोलतात, कारण त्यांना ते नाही.

मी जिन्यातच त्यांना सगळं सांगितलं. अण्णांनी डोळे मिटून ऐकलं.

"म्हणजे तिकीट तेवढंच," ते म्हणाले, "पन गाडी तेरा वर्षं लेट."

"हो."

"आनि तुमी फलाटावर पेढे वाटीत व्हते."

"पुरणपोळी होती अण्णा. तुम्हीही होतात जेवायला."

"व्हतो ना. लय झ्याक झाली व्हती." मग आवाज खाली आणून म्हणाले, "आता ऐक. एकरकमी टाक. थेंब थेंब नाय, घागरच वत. लाखभर टाकले की येळ कमी होतो."

एकरकमी लाख रुपये आमच्याकडे एकाच ठिकाणी होते: सृष्टीच्या नावाची ठेव. तिच्या बारशापासूनची पाकिटं जमा करून ती केली होती. ती मोडताना बँकेनं थोडा दंड कापला. माझ्याकडून सृष्टीलाही काहीतरी भरपाई हवी म्हणून मी तिला येताना फुगा घेऊन दिला. तिला व्यवहार पसंत पडला.

पैसे भरायचं काम प्रफुल्लकडे दिलं. त्यानं जेवणाच्या सुट्टीत लॉकरमधून फोन काढला आणि बँकेच्या अॅपवर लाख रुपये टाकून मोकळा झाला. अॅपनं त्याला काही विचारलं नाही आणि त्यानं अॅपला काही विचारलं नाही. आमच्याकडच्या पुरुषांचे बहुतेक व्यवहार असेच होतात.

दोन दिवसांनी, शुक्रवारी, आम्ही जेवायला बसलो असताना त्याच्या फोनवर मेसेज वाजला. सध्या आमच्या घरात बँकेच्या मेसेजला मान असल्यामुळे त्यानं तो लगेच, मोठ्यानं वाचला. "प्रिय ग्राहक, आपला सुधारित मासिक हप्ता वीस हजार सातशे एकवीस..."

तो थांबला. फार उशिरा थांबला.

"कमी झाला?" आईंनी घास खाली ठेवला. "प्रफुल्ल, हप्ता कमी झाला?"

"अं... हो. म्हणजे तसा..."

"आनि वार कोनता आज?"

शुक्रवार, देवीचा वार. वार आईंनाही माहीत होता. त्या उठल्या, हात धुतले, देवापुढे दिवा लावला आणि खिडकीतून वणीच्या दिशेला हात जोडले. मी प्रफुल्लच्या हातातून फोन घेतला. हप्ता आठशे वीस रुपयांनी कमी झाला होता. कर्ज संपायचं साल होतं चोपन्नच. पैसे भरताना मुदत कमी करा असं वेगळं सांगावं लागतं, ते कोणी सांगितलंच नव्हतं. म्हणजे सृष्टीची सगळी पाकिटं बँकेनं घेतली होती आणि बदल्यात आम्हाला दरमहा दोन किलो तुरीच्या डाळीची आणि अर्ध्या गॅस सिलिंडरची सवलत दिली होती.

तासाभरात विंगला कळलं. वाढला तर नाहीच, उलट उतरला! दुसऱ्या दिवशी परत पुरण शिजलं. मल्हारी अण्णा परत जेवायला होते. त्यांनी माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही. जाताना मात्र जिन्यात थांबून म्हणाले, "घागर वतली खरी, पन तुमी भांडं नाय बघितलं कोनतं ते." आणि वर निघून गेले.

त्या जेवणाला पूजा आली नव्हती. मी तिचं ताट झाकून तिच्याकडे घेऊन गेले. तिनं दार उघडलं, ताट घेतलं आणि एकदम म्हणाली, "निकिता, तुझं कर्ज कुठवर गेलंय?"

मला वाटलं, अण्णांनी सांगितलं. "तुला कोणी सांगितलं?"

"कोणी कशाला सांगायला हवं? हप्ता तेवढाच म्हटल्यावर साल पुढे जाणारच ना. चोपन्न? पंचावन्न?"

"चोपन्न," मी म्हणाले आणि तिच्या सोफ्यावर बसले. "तुझं?"

"एकेचाळीसच." तिनं आतल्या खोलीकडे बघून आवाज कमी केला. "आम्ही तेव्हाच लिहून दिलं होतं बँकेत. मुदत वाढवू नका, हप्ता वाढवा म्हणून."

"तूच वाढवलास?"

"मग काय!"

"आणि तो उपास? मंगळवारचा?"

"अगं, निर्जळी केला होता मी!" तिच्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं. "तुमच्या आई माझ्यासाठी नारळ घेऊन गडावर गेल्या, आणि इकडे मीच हप्ता वाढवून आले. कोणत्या तोंडानं सांगणार? त्यापेक्षा म्हटलं, उपास मोडला म्हणू देत."

दोन वर्षं या बाईला मी धीर देत होते. तिनं तो दरवेळी घेतलाही होता. मटकीची उसळसुद्धा घेतली होती, वाटी घासून परत दिली होती. मला त्या क्षणी सगळ्यांत जास्त त्या वाटीचं वाईट वाटलं.

मग पूजानं मला नीट सांगितलं. एकेचाळीसला संपवायचं तर हप्ता पंचवीस हजारांच्या वर न्यावा लागेल. आताच्यापेक्षा साधारण साडेचार हजार जास्त. मी तिथेच तिच्या फोनवर हिशोब करून पाहिला. महिन्याचे साडेचार हजार जास्त भरले तर शेवटी सव्वीस लाख वाचत होते. सव्वीस लाखांत आमच्या पाथर्डी फाट्यावर आतल्या बाजूला आणखी एक फ्लॅट येतो, लहान का होईना. म्हणजे आम्ही एका घरात राहत होतो आणि दोन घरांचे पैसे भरायला निघालो होतो. दुसऱ्या घरात बँक राहणार होती.

साडेचार हजारांची सोय प्रफुल्लनं एका वाक्यात केली. "गाडी नको घ्यायला," तो म्हणाला. तीन महिने तो जुन्या गाड्यांचे फोटो बघत होता, मला पाठवत होता, मी त्यांत सृष्टीच्या बाजूच्या दाराला लॉक आहे का ते विचारत होते. ते सगळे फोटो त्यानं पुसून टाकले.

पण अडचण पैशांची नव्हतीच. तेजलनं फोनवर सांगितलं, "अर्ज साधा आहे मॅडम. फक्त दोन्ही कर्जदारांच्या सह्या लागतील. प्रफुल्ल सर आणि विठाबाई मॅडम."

म्हणजे हप्ता वाढू नये म्हणून जी बाई गडाच्या पायऱ्या चढली, तिच्याच सहीनं हप्ता वाढवायचा होता.

"तू सांग आईला," प्रफुल्ल म्हणाला. "तुला समजावता येतं छान." आणि तो सृष्टीला घेऊन खाली बागेत गेला. एरवी सृष्टीला बागेत न्यायला त्याला तीनदा सांगावं लागतं.

आई मेथी निवडत होत्या. मी त्यांच्यासमोर बसून दोन काड्या हातात घेतल्या आणि सुरुवात केली. "आई, समजा आपण कोणाकडून किलोभर साखर उसनी आणली..."

"निकिता," आई म्हणाल्या, "मला व्याज नको शिकवू. चांदवडला सोसायटीचं कर्ज मीच फेडत व्हते, तुझ्या सासऱ्यांना कुठं टाइम व्हता. काय झालं ते सांग."

मी सांगितलं. दाखला, चोपन्न साल, पंच्याऐंशी लाख, सृष्टीची ठेव, सगळं. ऐकता ऐकता त्यांच्या हातातली मेथीच्या काड्यांची जुडी घट्ट होत गेली.

"म्हंजी हप्ता नाय वाढवला, सालं वाढवली."

"हो."

"लबाड हायेत." हे बँकेला. मग जुडी खाली ठेवली.

"मग सही कराल ना आई?"

"कशी करू?" त्या अगदी साध्या आवाजात म्हणाल्या. "तिच्यापुढं मी पदर पसरला, वाढू देऊ नको म्हणाले. तिनं ऐकलं. दोनदा ऐकलं. आता मीच कागदावर लिहून देऊ, वाढवा म्हणून? ती म्हनंल, ही बाई येडी का खुळी?"

बी.कॉम.ला हा विषय नव्हता. दोन दिवस घरात कोणी बँकेचं नाव काढलं नाही. मी मनातल्या मनात चोपन्न सालापर्यंतच्या सृष्टीच्या सगळ्या परीक्षा, ताप आणि लग्न मोजत राहिले आणि प्रत्येकातून हप्ता वजा करत राहिले.

तिसऱ्या दिवशी सकाळी आई इरकल नेसून, आधार कार्ड, पॅन कार्ड आणि दोन फोटो पिशवीत घालून हॉलमध्ये उभ्या राहिल्या. "चल. त्या पोरीलाच विचारते."

"काय विचारणार?"

"ते तिथं गेल्यावर."

प्रफुल्लनं अर्धा दिवस रजा टाकली. सृष्टीला पूजाकडे ठेवलं, आणि एका रिक्षात आम्ही तिघं शरणपूर रोडला गेलो.

"या आजी," तेजल म्हणाली.

"आजी हिच्या पोरीची. तू मावशी म्हन."

"या मावशी. अर्ज तयार आहे, इथे सही..."

"थांब. आधी मला सांग, माझ्या घराचे कागद कुठंयत?"

"मूळ कागद? ते मुंबईला असतात मावशी. सेंट्रल रेकॉर्डला."

"घर नाशकात नि कागद मुंबईला?"

"सगळ्यांचेच असतात."

"सगळ्यांचे असू दे. माझे चांदवडचे गुंठे गेलेत त्यात. ते कागद माझ्या हातात कधी देनार?"

"कर्ज फिटलं की. दोन्ही मालकांनी स्वतः यायचं आणि सही करून घ्यायचे." तेजलनं पडद्यावर पाहिलं. "आत्ताच्या हिशोबानं चोपन्नला."

"तवा माझं वय?"

तेजलनं आधार कार्डाकडे पाहिलं. तिला सांगणं जड गेलं असावं. "एक्क्याण्णव, मावशी."

"आनि मी नसले तर?"

"मग वारसदाखला लागतो. मुलं-मुली सगळ्यांची संमती. सगळ्यांनी एकदम यावं लागतं."

आईंनी प्रफुल्लकडे पाहिलं. त्याची बहीण सायखेड्याला दिलेली आहे, आणि बहीण-भाऊ एका वेळी एका ठिकाणी यायचे तर भाऊबीजेलासुद्धा सहा फोन होतात, हे आम्हाला तिघांनाही ठाऊक होतं. प्रफुल्ल टेबलावरच्या गणपतीकडे बघत राहिला.

"आनि हप्ता वाढवला तर?"

"मग एकेचाळीसला. तुम्ही अठ्ठ्याहत्तर."

आईंनी पदराची किनार बोटाभोवती गुंडाळली, सोडली. मागे कोणाचा तरी टोकन नंबर पुकारला गेला.

"मी हप्त्याचं बोलले व्हते," शेवटी त्या म्हणाल्या, आमच्यापैकी कोणालाही उद्देशून नाही. "सालाचं बोललेच नव्हते. बोलनं माझंच कच्चं. तिचं मी बघून घेते." आणि तेजलकडे वळल्या. "आन पेन."

त्यांनी सही केली. झोकदार, एका दमात, शेवटी खाली एक रेघ. भिशीच्या वहीत चार वर्षं सह्या करून त्यांचा हात बसला आहे. तेजलनं सही पडद्याशी ताडून पाहिली आणि तिचा चेहरा पडला.

"मावशी, जुळत नाहीये. कर्ज घेताना केली होती तशी करा ना."

"तशी कशी करू? तवा मला येत नव्हती."

तेजलनं पडदा आमच्याकडे फिरवला. एकवीस सालची आईंची सही तिथे होती. विठाबाई, प्रत्येक अक्षर वेगळं, शेवटचं ओळ सोडून खाली गेलेलं. आईंनी ती नीट पाहून घेतली, दुसऱ्या कोऱ्या कागदावर हळूहळू उतरवायला घेतली. पहिल्यांदा फार चांगली आली. दुसऱ्यांदाही. तिसऱ्यांदा प्रफुल्ल म्हणाला, "आई, घाबरून कर जरा." त्यांनी त्याच्याकडे अशी नजर टाकली की तो परत गणपतीकडे वळला. पण चौथ्यांदा शेवटचं अक्षर ओळ सोडून खाली गेलं आणि तेजल खुर्चीतून अर्धवट उठून म्हणाली, "हां! अशीच! अर्जावर अशीच करा!"

अर्जावर तशीच झाली. शिक्का बसला. तेजलनं पावती दिली, ती मी या वेळी तिथेच उभी राहून पूर्ण वाचली. हप्ता वाढवणे, मुदत एकेचाळीस. दोनदा वाचली.

आई उठल्या. पिशवी खांद्याला लावली. आधार कार्ड आत गेलं का ते चाचपून पाहिलं. मग टेबलाशी परत वळल्या.

"एकेचाळीसला मी येते कागद न्यायला. तू असशील ना इथं?"

"मावशी, आमची दर तीन वर्षांनी बदली होते," तेजल म्हणाली. "माझं काही सांगता येत नाही."

"बघ बाई तुझं," आई म्हणाल्या. "मी तर येनारच हाय."